चोवीस माणसांचं माप

"काय जळता ता?" रेजिना शिलाई मशीनवरून ओरडली.

"जळना नाय, कढता!" मी चुलीजवळून ओरडलो.

ती ब्लाउजला टाचलेल्या टाचण्यांसकट उठून आली. चुलीवर घरातलं सगळ्यात मोठं पातेलं होतं. त्यात काळा कुळकुळीत रस बुडबुडत होता आणि अख्ख्या घरात गुळाचा, लसणीचा आणि चक्रफुलाचा वास भरला होता. तिने वाकून पाहिलं, नाक वर केलं.

"डांबर कढयतास काय? रस्तो करूचो आसा?"

"नाताळाक खातलंस, तेवा कळात," मी म्हणालो.

ती हसली नाही, रागावलीही नाही. पातेलं कुठलं वापरलंय तेवढं पाहून परत मशीनवर जाऊन बसली. पाहुण्याने काही मोडलं तर आपण बोलत नाही, तसं.

ही त्र्याण्णव सालच्या डिसेंबरातली गोष्ट. मालवणपासून सायकलने अर्ध्या तासावर आमची वाडी. मी, इनास अल्मेडा, मालवाहू जहाजावर स्वयंपाकी होतो. वर्षातले नऊ-दहा महिने पाण्यावर आणि उरलेले घरी. रेजिनाशी लग्नाला अकरा वर्षं झाली होती आणि त्यातला घरी सापडलेला हा माझा दुसरा नाताळ. मुलगी क्लारा नऊ वर्षांची होती. ती आईला 'तू' म्हणायची आणि मला 'तुमी'. मी माझ्या बापाला आयुष्यभर 'तू' म्हटलं, भांडताना तर नक्कीच. हिच्या 'तुमी'मध्ये आदर होता म्हणे. मला तो आदर नको होता, पण नको असलेली वस्तू परत कशी करायची ते कळत नव्हतं.

घरी येऊन तीन आठवडे झाले होते. शर्ट अडकवायला गेलो तर ती खुंटी क्लाराच्या दप्तराची. खुर्चीत बसलो तर ती गिऱ्हाइकांची. संध्याकाळी तेर्स, म्हणजे जपमाळेची प्रार्थना, म्हणताना मायलेकी एका लयीत म्हणायच्या आणि मी अर्धा शब्द मागे. मी भांडी घासून ठेवली तर रेजिना माझी पाठ वळायची वाट पाहून ती पुन्हा विसळायची. कुत्रासुद्धा पहिले आठ दिवस माझ्यावर भुंकला, आणि तो तर माझ्याच पैशाचे मासे खात होता. वाईट कुणीच वागत नव्हतं. मी नसताना त्या घराने आपली घडी बसवली होती आणि त्या घडीत माझ्यापुरती जागा ठेवायची राहून गेली होती. समुद्रावर माणूस एकटा पडतो, हे सगळ्यांना ठाऊक असतं. घरात पडलो होतो ते कुणाला सांगायची लाज वाटायची.

आणि नेमकं याच वेळी बाबली परुळेकर मला बाजारात भेटला. किनाऱ्यावर तो हॉटेल बांधत होता.

"इनास, माका आचारी व्हयो," तो म्हणाला. "परदेशी खाना येणारो. तू रवत असशीत तर दुसऱ्याक बघणंय नाय. पण नाताळ झाल्या झाल्या सांग."

कंपनीची तारही खिशात होती. तीन जानेवारीला मुंबईत हजर, होकार सत्तावीस डिसेंबरच्या आत कळवा.

मी मनाशी ठरवलं होतं. रेजिनाने एकदा, फक्त एकदा, 'रवा', म्हणजे राहा, म्हटलं की मी तार फाडणार आणि परुळेकराकडे जाणार. पण तिला हॉटेलचं सांगायचं नाही. सांगितलं तर ती कर्तव्य म्हणून 'रवा' म्हणेल, आणि मागून घेतलेलं 'रवा' माझ्या घशाखाली उतरलं नसतं. तेव्हा माझं नाक असंच वर असायचं. आता वयाबरोबर ते बरंच खाली आलंय, पण व्हायचं ते होऊन गेल्यावर.

तिने आपणहून म्हणावं, यासाठी माझ्याकडे एकच विद्या होती. ती या पातेल्यात कढत होती.

हा रस मला इंडोनेशियातल्या सुराबायाच्या सुत्रिस्नोने शिकवला. तो जहाजावरचा मुख्य स्वयंपाकी आणि मी तेव्हा त्याच्या हाताखाली. त्यांच्याकडे गोड सोया सॉस बाटलीतच मिळतो, काकवीसारखा दाट. पण बाटल्या संपल्या आणि बंदर लांब असलं, की सुत्रिस्नो साध्या खारट सोयात ताडाचा गूळ घालून तो स्वतः आटवायचा. मी घरी येताना सिंगापुरातून साध्या सोयाच्या बाटल्या कपड्यांमध्ये गुंडाळून आणल्या होत्या. ताडाच्या गुळाऐवजी आमच्याकडचा माडाचा गूळ घेतला. त्यात ठेचलेली लसूण, आलं, मिरी, चक्रफूल. मंद आचेवर, चमच्याच्या पाठीला रस धरेपर्यंत. मग उतरवून माडाचाच शिर्का. मीठ अजिबात नाही, सोयाच्या अंगात मीठ असतंच. एवढं साधं आहे. पण आच जरा वाढली की गूळ करपतो आणि मग सगळंच्या सगळं फेकायचं.

क्लारा शाळेची सुट्टी म्हणून घरात होती. ती दारात येऊन उभी राहिली. मी चमचा पुढे केला. तिने बोट बुडवलं, चोखलं आणि विचारात पडली.

"गोड आसा," ती म्हणाली.

"आनी?"

"खारट पण आसा." पुन्हा बोट. "दोनी एकदम कशी काय?"

"तीच तर गंमत."

"पप्पा, तुमी जहाजावर रोज ह्याच खातास?"

"रोज खंयचा? आयतवारी."

"मगे आयतवार माका पण व्हयो," ती म्हणाली आणि तिसऱ्यांदा बोट बुडवलं.

त्या क्षणी मी चूल, पातेलं, सगळं टाकून परुळेकराकडे धावत जायला तयार होतो. पण म्हटलं, थांब. मोठीला म्हणू दे.

चोवीस तारखेला मी सहा किलो डुकराचं मांस आणलं. खांद्याचं, वर चरबीचा पदर असलेलं. रेजिनाने टोपली पाहिली आणि डोक्याला हात लावला.

"सा किलो? ह्या खातला कोण?"

"माका चोवीस माणसांचाच माप येता," मी म्हणालो. आणि ते खरं होतं. आमच्या जहाजावर चोवीस माणसं. इतकी वर्षं मी मीठ उचललं ते चोवीसांचं, कांदा कापला तो चोवीसांचा. कमी लोकांसाठी रांधायचं म्हटलं की माझा हात अडखळायचा. "उरला तर शेजारी वाटू. नाताळच आसा."

"वाटा," ती म्हणाली. "तुमचा जेवान तुमी वाटा."

मी मांसाला काट्याने भोकं पाडली, थंड झालेला रस त्याला चोळला. गरम रस ओतला तर वरचं मांस लगेच शिजतं आणि आत काही शिरत नाही. वर केळीचं पान, त्यावर झाकण, आणि रात्रभर तसंच ठेवलं.

आता, घरात भट्टी कुणाकडे असणार? आमच्या वाडीत नाताळाचं भाजकाम पास्कू पदेराच्या भट्टीत व्हायचं. पदेर म्हणजे पाव भाजणारा. पहाटेचे पाव निघाले, की भट्टीतली लाकडं बाहेर ओढून तो उरलेल्या उष्णतेवर वाडीतल्या घराघरांचे ट्रे आत सरकवायचा. मिसेला, म्हणजे चर्चमधल्या प्रार्थनेला, जाताना ट्रे द्यायचा, मिस सुटली की न्यायचा. पास्कूला अक्षर येत नव्हतं. म्हणून प्रत्येक घराची खूण असायची. कुणी ट्रेच्या कडीला शिंपली बांधायचं, कुणी तांब्याची तार, कुणी पितळी बटण. त्याच्या बापाच्या काळापासून चालत आलेल्या खुणा. पास्कूला वाडीतली माणसं एक वेळ ओळखू यायची नाहीत, पण खुणा पाठ होत्या.

पंचवीसला सकाळी मी ट्रे डोक्यावर घेऊन निघालो. रेजिना तिची मसाला भरलेली कोंबडी घेऊन आधीच जाऊन आली होती आणि क्लाराची वेणी घालत होती. मी वाटेत ट्रेच्या कडीला एक लाकडी चमचा उलटा बांधला. माझ्या आईची खूण तीच होती.

पास्कूने ट्रे पाहिला आणि म्हणाला, "लोबोंचो काय रे? तू लोबोंचो कदीपासून आणूक लागलंस?"

"लोबोंचो कित्याक? माजो."

"चमचो लोबोंचो. तुजी आवस गेली, मगे ती खूण रिकामी पडली. लोबोंनी माझ्याकडसून मागून घेतल्यानी. सात वर्सां झाली."

मी कडीवरचा चमचा चाचपला. मागे ट्रे घेऊन आलेल्या दोन बायका ऐकत होत्या.

"मगे आमच्या घरची आता कसली?" मी विचारलं.

विचारताना कान तापले. पन्नाशीतला पास्कू माझ्याकडे पाहत राहिला. आपल्या घरची खूण विचारणारा माणूस त्याच्या भट्टीवर पहिल्यांदाच आला असणार.

"हिरवी पट्टी," तो हळूच म्हणाला. "तुजी बायल शिवणातली पट्टी बांदता." मग माझा चेहरा पाहून घाईने म्हणाला, "असो. तुजो ट्रे मी बिनखुणेचो ठेवतंय. माझ्या ध्यानात रवात."

मी चमचा सोडून खिशात टाकला. ट्रे शेवटी, भट्टीच्या तोंडाशी ठेव, गुळाचं काम आहे, आत जळेल, एवढं सांगितलं. मिसेत माझं लक्ष नव्हतं. फादर काय बोलले ते देवालाच ठाऊक.

मिस सुटली. भट्टीपुढे बायकांची झुंबड. मी लांब उभा होतो. पास्कू लांब दांड्याने एकेक ट्रे ओढत होता आणि खूण पाहून नाव पुकारत होता. हिरव्या पट्टीचा निघाला. रेजिनाने पदराने धरून तो उचलला आणि वळली.

"गो रेजिना!" पास्कूने हाक मारली. "आनी एक आसा मगे तुमचो!"

"आमचो एकच आसता," ती म्हणाली. अगदी सहज. पावलंसुद्धा थांबली नाहीत.

मग तिला मी दिसलो. ती थांबली. कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

"होय गे सायबिणी," ती देवमातेला आठवून पुटपुटली. "तुमचो पण होतो मा. सवय... माजी सवय, दुसरा काय नाय."

"माका ठावक आसा," मी म्हणालो आणि माझा ट्रे उचलला. तो चांगलाच गरम होता. घरापर्यंत आम्ही दोघं दोन ट्रे घेऊन पुढेमागे चाललो आणि क्लारा मध्ये उड्या मारत होती. मला तेव्हा कळलं की आज जेवताना काय ते होणार. ती म्हणाली तर म्हणाली. नाही म्हणाली, तर मला या घरात पुन्हा खूण मागायला जायचं नव्हतं.

मांस मात्र झकास झालं होतं, हे मला सांगायलाच हवं. वरून काळंभोर, चकचकीत, काटा लावला की धागे सुटत होते. जहाजावर याच्यासाठी माणसं घंटेआधी ताट घेऊन उभी राहायची. क्लाराने तीनदा वाढून घेतलं. चौथ्यांदा पावाने नुसता रस पुसला. रेजिना सावकाश खात होती. मी तिच्या तोंडाकडे पाहत होतो, आणि मी पाहतोय हे तिलाही कळत होतं.

"बरा झाला हा," ती म्हणाली. "खराच बरा झाला हा."

मी थांबलो.

"जहाजावरची माणसां नशिबवान," ती म्हणाली.

मी आणखी थांबलो. बाहेर शेजाऱ्यांचा रेडिओ चालू होता. क्लाराने बोटं चाटली आणि म्हणाली, "पप्पा, जावच्या आदी मम्मीक शिकवन जावा."

लहान पोर, तिच्या मनात काही नव्हतं. बाप येतो आणि बाप जातो, हे तिला ओहोटी-भरतीइतकं ठाऊक होतं. मी रेजिनाकडे पाहिलं. म्हटलं, आता बोल. आता नाही तर कधी?

ती उठली, हात धुतले, पदराला पुसले. मशीनच्या खणातून ब्लाउजांच्या मापांची वही आणि पेन्सिल घेऊन आली. माझ्यासमोर बसली.

"सांगा," ती म्हणाली.

मी सांगायला लागलो. सोया दीड लिटर. गूळ एक किलो दोनशे ग्रॅम. लसणीचे बारा कांदे...

"तसा नको," ती म्हणाली. तिने वहीवरून मान वर केली नाही. "ह्या चोवीसांचा. आमका दोघींक पुरात इतक्याच सांगा."

पेन्सिल कागदावर टेकलेली होती. मला आठवतं, कारण मी तिच्या हाताकडेच पाहत होतो. तोंडाकडे पाहायची हिंमत उरली नव्हती.

दोघींना. म्हणजे झालं. मला हवं होतं ते उत्तर मिळालं, फक्त उलटं. मी डोळे मिटले आणि भागाकार करायला लागलो. चोवीसाचे दोन म्हणजे बारावा भाग. सोया सव्वाशे मिली. गूळ शंभर ग्रॅम. लसणीचा एक कांदा. आलं बोटभर. चक्रफूल एक. शिर्का पन्नास. मांस अर्धा किलो. आकडे कसे लख्ख सुटत होते. जन्मात इतक्या कमी माणसांचं माप मी पहिल्यांदा काढत होतो, आणि तशातही मला त्या हिशेबाचा थोडा अभिमानच वाटला.

तिने सगळं लिहून घेतलं. मग पेन्सिल तशीच धरून म्हणाली, "बस? आनी काय सांगूचा रवला नाय मा?"

"आनी काय?"

"काय रवला आसात तर सांगा. मगे तुमी नसतलास."

मी विचार केला. "पान काढूची येळ चुकवू नको," मी म्हणालो. "फुडे उगडा जास्त ठेवलंस तर गूळ जळता."

तिने तेही लिहिलं. वही मिटली.

दुसऱ्या दिवशी मी सायकलने पोस्टात गेलो आणि कंपनीला होकाराची तार केली. परुळेकराने कुडाळचा कुणीतरी आचारी ठेवला. मी आणखी चौदा वर्षं समुद्रावर काढली. पत्रांतून क्लारा कळवायची, आयतवारी काळं मटण केलं, बरं झालं. हळूहळू पत्रं लहान होत गेली. मी घरी यायचो तेव्हा पाहुण्यासारखा यायचो आणि पाहुण्यासारखा वागायचो. त्यामुळे आमच्यात भांडण म्हणून कधी झालं नाही. शेजारी म्हणायचे, अल्मेडांचा संसार किती शांत.

निवृत्त होऊन परतलो, तर रेजिनाबरोबर मला सहा वर्षं मिळाली. त्यातली शेवटची दोन तिच्या दुखण्यात गेली. मी रांधायचो, ती दोन घास खायची. आम्ही एकमेकांशी चांगलं वागलो. त्याहून जवळ कसं जायचं, ते दोघांनाही येत नव्हतं.

ती गेल्यावर महिन्याच्या मिसेला क्लारा मस्कतहून आली होती. पाहुणे गेल्यावर दुपारी आम्ही दोघंच स्वयंपाकघरात बसलो होतो. तिला सहज म्हणून मी त्या नाताळाबद्दल बोललो. हॉटेलचं, तारेचं, माझ्या मनातल्या अटीचं. वीस वर्षं पोटात ठेवलेलं, आता कुणापासून लपवायचं? मी हसत सांगत होतो. म्हटलं, तुझी आई एक शब्द बोलली असती तर तुझा बाप त्या हॉटेलात मासे तळत बसला असता.

क्लारा हसली नाही.

"पप्पा, मम्मीक हॉटेलाचा ठावक होता."

"कसा ठावक असतला? मी कोणाकच सांगूक नाय."

"परुळेकरीण ब्लाउजाचा माप देवक इलली. तिना सांगल्यान. मी थंयच खेळत होतंय. तुमचो घोव आता हंयच रवतलो गो, असा म्हणाली. मम्मी त्या दिवशी किती खूश होती, तुमका सांगान काय? पण तुमी काय बोलनासच नाय. एक दिवस नाय, दोन दिवस नाय. नाताळ इलो तरी नाय."

मी हातातला पेला खाली ठेवला.

"मगे तिना माका सरळ कित्याक विचारूक नाय?" मी म्हणालो.

"लग्नाच्या पयल्या वर्सी विचारल्यान होता. रवा म्हणान. तुमी हसलास आणि म्हणालास, रवान खावचा काय, रेती? मगे तिना परत विचारूक नाय."

मला ते आठवत नव्हतं. अजूनही आठवत नाही. पण वाक्य माझंच होतं, ते ऐकताक्षणी ओळखलं.

"त्या नाताळाक मी थंयच बसललंय, पप्पा," क्लारा म्हणाली. "मम्मी पेन्सिल धरून वाट बघत होती. दोघींचा सांगा म्हणाली, आनी तुमी डोळे मिटून हिशोब करूक लागलास. तुमी फक्त तिघांचा सांगूक व्हया होता."